संत्रं-बदामाच्या सॉससोबत बेक्ड चिकन : पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

पहिल्या वेळी मी चिकनचे तुकडे काचेच्या भांड्यात रचले, त्यावर तीन संत्र्यांचा रस ओतला, बदामाची भरड भुरभुरली आणि भांडं तासभर ओव्हनमध्ये ठेवून दिलं. तासाने बाहेर काढलं तेव्हा वरच्या बदामांचा कोळसा झालेला, कडेला रसाची काळी चिकट पट्टी, मधे पिवळसर पाणी आणि त्या पाण्यात उकडलेलं पांढरंफटक चिकन. या सगळ्यावर एक कडवट चव. दुसऱ्या वेळी तर भांडंच तडकलं. ती हकिकत पुढे येईल.

चौथ्या खेपेला कुठे डोक्यात प्रकाश पडला. चिकन, बदाम आणि संत्रं या तिघांचे स्वभाव वेगळे आहेत. चिकनला कोरडी, कडक आच लागते. बदामाला मध्यम आच आणि समोर उभं राहून लक्ष देणारं माणूस लागतं. संत्र्याचा रस थोडं आटणं सोसतो, पण सालीचा सुगंध आणि लिंबाचा रस यांना आच जवळजवळ नकोच असते. तिघांना एकाच भांड्यात तासभर कोंडलं, तर कोणी ना कोणी बिघडणारच. म्हणून तिघांचं काम वेगवेगळं करायचं आणि त्यांची गाठ शेवटच्या पाच मिनिटांत घालून द्यायची. वाचताना पायऱ्या जास्त वाटतील, पण प्रत्यक्ष हात चालवायचा वेळ पाऊण तासाच्या आतच असतो.

साहित्य (४ जणांसाठी)

छोटा चमचा म्हणजे ५ मिली आणि मोठा म्हणजे १५ मिली, असं धरा.

- चिकन थाय (मांडीचे तुकडे) किंवा अख्खे लेग पीस, हाड आणि स्किनसकट : १.२ किलो
- बारीक मीठ : १२ ग्रॅम, म्हणजे साधारण २ सपाट छोटे चमचे
- काळ्या मिरीची भरड : १ छोटा चमचा
- तेल : १ मोठा चमचा
- रसाळ संत्री : ३ किंवा ४ (रस २५० मिली निघायला हवा)
- लिंबू : १
- बदाम : ८० ग्रॅम (६० वाटायला, २० वर घालायला)
- लहान कांदा : १, अगदी बारीक चिरलेला
- लसूण : ३ पाकळ्या
- बिनमिठाचं लोणी : ३० ग्रॅम
- चिकन स्टॉक किंवा साधं पाणी : १५० मिली
- मध : १ छोटा चमचा, गरज लागली तरच

अवजारं

- ओव्हन किंवा ओटीजी
- उभ्या कडांचा धातूचा ट्रे आणि त्यात बसणारी तारेची जाळी
- मांसात खुपसायचा थर्मामीटर
- बारीक किसणी, गाळणी, फेटणी
- मिक्सरचं छोटं भांडं
- जाड बुडाचं स्टीलचं पातेलं
- किचन टिश्यू

यातला थर्मामीटर मी बरेच दिवस टाळला. 'अंदाजाने कळतं की' असं वाटायचं. कळत नाही. एकच वस्तू नवीन घ्यायची असेल, तर तीच घ्या.

पातेलं स्टीलचंच म्हटलं, त्याला कारण आहे. साध्या ॲल्युमिनियमच्या किंवा लोखंडाच्या भांड्यात आंबट रस आटवला की धातूची चव उतरते आणि सॉसवर करडी झाक येते. ट्रेला फॉइल लावणार असाल, तर त्यावर रस किंवा लिंबाच्या चकत्या येऊ देऊ नका. आम्लाने फॉइललाही बारीक भोकं पडतात.

१. आधी एक प्रश्न विचारा

जेवायला येणाऱ्यांपैकी कोणाला बदाम, अक्रोड, काजू यांची ॲलर्जी आहे का? हा प्रश्न सगळ्यात आधी विचारायचा, कारण तयार सॉस दिसायला अगदी क्रीमसारखा असतो आणि त्यात बदाम आहेत हे बघून ओळखू येत नाही. 'त्यांना सॉस वेगळा देऊ' हा उपाय पुरेसा नाही. मिक्सरचं भांडं, चमचे, हात सगळीकडे अंश राहतो. ॲलर्जी असेल तर त्या दिवशी बदामाऐवजी सूर्यफुलाच्या बिया घ्या, तेही त्यांना त्या चालतात का हे विचारून. चव वेगळी लागते, सॉसला दाटपणा मात्र येतो.

२. चिकन कोणतं घ्यायचं

पहिल्यांदा करताय तर थायच घ्या. ब्रेस्टमध्ये चरबी कमी असते. पाच मिनिटं जास्त झाली की त्याचा कापूस होतो. थायमध्ये चरबी आणि चिवट धागे दोन्ही भरपूर असतात. जास्त तापमानाला ते धागे विरघळून मऊ होतात, त्यामुळे दहा मिनिटं इकडची तिकडे झाली तरी थाय सांभाळून घेतो.

स्किन काढून टाकायची सवय असेल, तरी यावेळी राहू द्या. कुरकुरीत स्किन आणि दाट आंबट सॉस यांचं जमणं हीच तर या पदार्थातली गंमत. स्किन खायची नसेल तर ताटात बाजूला काढा, ओव्हनमध्ये मात्र ती मांसावर पांघरूण म्हणून हवी.

चिकन फ्रोझन असेल तर आदल्या दिवशीच खालच्या फ्रीजमध्ये काढून ठेवा. ओट्यावर ठेवून वितळवलं, तर आतला भाग बर्फासारखा राहतो आणि बाहेरचा भाग तासन् तास कोमट हवेत पडतो. ४ ते ६० अंश सेल्सिअस या पट्ट्यात जिवाणू झपाट्याने वाढतात.

आणि चिकन नळाखाली धुऊ नका. हे वाचून अनेकांच्या भुवया उंचावतील, माझ्याही उंचावल्या होत्या. पण पाण्याने जिवाणू मरत नाहीत. सिंक, ओटा, शेजारी निथळत ठेवलेली भांडी यांवर शिंतोडे मात्र उडतात. साल्मोनेला आणि कॅम्पिलोबॅक्टर हे चिकनवरचे जिवाणू मरतात ते ओव्हनमधल्या उष्णतेने. तुकड्यांवर काही चिकटलेलं असेल तर टिश्यूने पुसून घ्या आणि हात साबणाने धुवा.

३. मीठ लावा आणि विसरून जा (आदल्या रात्री)

सगळ्यात कमी मेहनतीची आणि सगळ्यात जास्त फरक पाडणारी पायरी हीच.

तुकडे टिश्यूने अगदी कोरडे टिपून घ्या. मीठ आणि मिरी सगळीकडून चोळा, स्किनच्या खालीही थोडं सरकवा. तुकडे जाळीवर ठेवा, जाळी ट्रेमध्ये ठेवा आणि ट्रे काहीही न झाकता फ्रीजच्या सगळ्यात खालच्या कप्प्यात ठेवा. खालच्या कप्प्यात अशासाठी की चिकनचं पाणी दुसऱ्या कशावर ठिबकू नये.

मीठ लावलं की आधी चिकनला पाणी सुटतं. मग मीठ त्या पाण्यात विरघळतं आणि ते खारं पाणी हळूहळू मांसात परत मुरतं. तोवर फ्रीजची कोरडी हवा वरची स्किन सुकवते. म्हणून मीठ लावायचं तर आदल्या रात्री, नाहीतर सरळ ओव्हनमध्ये घालायच्या क्षणी. अर्धा तास आधी लावण्याइतकी वाईट वेळ दुसरी नाही, कारण तेव्हा पाणी नेमकं बाहेर येऊन स्किनवर साचलेलं असतं.

पाणी साचलं तर बिघडतं काय? पाणी १०० अंशांना उकळतं. स्किनवर जोवर पाणी आहे, तोवर तिचं तापमान तिथेच अडकून राहतं. मांस तपकिरी होण्याची प्रक्रिया मात्र साधारण १४० अंशांच्या पुढे जोर धरते. प्रथिनांतले घटक आणि साखर यांच्यातल्या या प्रक्रियेचं वर्णन लुई-कामिय मायार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ साली केलं आणि आजही ती त्याच्याच नावाने ओळखतात. स्वयंपाकघरापुरता अर्थ एवढाच की ओलं चिकन उकडतं आणि कोरडं चिकन भाजलं जातं.

'मग संत्र्याच्या रसात मुरवू का?' हा प्रश्न मलाही पडला होता. मुरवू नका. आंबट रसात रात्रभर ठेवलेल्या चिकनचा वरचा थर भुसभुशीत, खडूसारखा होतो आणि आतपर्यंत काही रस पोचत नाही. शिवाय रसातली साखर स्किनवर राहते आणि ओव्हनमध्ये चिकन शिजायच्या आधी करपते. संत्र्याची पाळी नंतर येणार आहे.

४. वेळ उलटीकडून मोजा

समजा जेवण आठला आहे. सव्वासहाला संत्री आणि लिंबू हातात घ्या. साडेसहाला बदाम ओव्हनमध्ये. पावणेसातला बदाम बाहेर काढून ओव्हन २१० अंशांवर. सात वाजून पाच मिनिटांनी चिकन आत. सात पंचवीसला सॉस सुरू. पावणेआठला चिकन बाहेर येतं, दहा मिनिटं विसावतं, तेवढ्यात सॉस पुरा होतो. ओव्हन छोटा असेल तर आणखी दहा मिनिटं हातची ठेवा.

५. आधी साल, मग रस

हा क्रम एकदा उलटा करून बघा म्हणजे कायमचा लक्षात राहील! पिळून लिबलिबीत झालेल्या संत्र्याची साल किसणं ही शिक्षा आहे.

संत्री आणि लिंबू कोमट पाण्यात चोळून धुवा, पुसा. फळांवर चकाकीसाठी मेणाचा थर दिलेला असतो, तो थोडा तरी निघतो. मग बारीक किसणीवर फक्त वरचा रंगीत भाग किसा. किसणी एका जागी एकदाच फिरवायची आणि फळ वळवायचं. पांढरं दिसू लागलं की थांबा. सुगंधी तेल त्या रंगीत थरातल्या बारीक पिशव्यांत असतं, त्याखालचा पांढरा भाग नुसता कडू. एका संत्र्याची आणि अर्ध्या लिंबाची साल पुरते. सैल सालीची संत्री किसताना साल सरकते, त्यामुळे निदान एक तरी फळ घट्ट सालीचं निवडा.

आता रस काढा, पण शेवटच्या थेंबासाठी जीव काढू नका. जोरात पिळलं की पांढऱ्या भागातला कडवटपणाही उतरतो. संत्री मिक्सरमध्ये तर मुळीच फिरवू नका. बिया फुटल्या की रस गेलाच. रस गाळून घ्या आणि त्याच संध्याकाळी वापरा. मोसंबी आणि काही जातींच्या संत्र्यांचा रस काढल्यावर गोड लागतो आणि ठेवला की कडू होत जातो. त्यात लिमोनिन नावाचा कडू पदार्थ हळूहळू तयार होत असतो. सकाळी रस काढून ठेवायचा शहाणपणा मी एकदा केला होता. संध्याकाळी तो औषधासारखा लागला.

डब्यातला तयार रस चालेल का? साखर न घातलेला असेल तर अडीअडचणीला चालेल. साखर घातलेला आटवला की त्याचा पाक होतो. साल मात्र ताजीच लागेल.

६. बदाम भाजणं

आधी एक बदाम चावून बघा. खवट, जुन्या तेलासारखा वास आला तर सगळे बाजूला ठेवा. खवटपणा भाजून जात नाही, उलट वाढतो. हे अक्रोडाच्या बाबतीत जास्त होतं, म्हणून तो फ्रीजमध्ये ठेवावा.

ओव्हन १६० अंशांवर ठेवून बदाम एका थरात ८ ते १० मिनिटं भाजा. पाचव्या मिनिटाला एकदा हलवा. एक बदाम मोडून बघायचा. आत फिकट बिस्किटी रंग आला की ते लगेच थंड ताटलीत काढा. गरम ट्रेमध्येच राहू दिले तर बाहेर काढल्यावरही ते आपल्या आपण भाजले जातात. माझे दोन डाव याच कारणाने गेले. वास छान सुटला म्हणून मी निर्धास्त होते आणि ट्रे ओट्यावर तसाच राहिला.

२० ग्रॅम बदाम सुरीने जाडसर चिरून ठेवा. उरलेले ६० ग्रॅम अर्धी वाटी गरम पाण्यात वीस मिनिटं भिजवा. भिजल्यावर ते छान मऊ वाटले जातात. सॉसचा रंग उजळ हवा असेल तर सालं काढा. मी काढत नाही.

वाटताना आधी बदाम भिजवणीच्या पाण्यातून निथळून, थांबून थांबून फिरवा. मग तेच पाणी तीन वेळा करून घाला. सगळं पाणी एकदम ओतलं तर बदामाचे कण पाण्यात फिरत राहतात आणि वाटण रवाळ होतं. पाणी गरम असेल तर मिक्सरचं भांडं अर्ध्यापेक्षा जास्त भरू नका. वाफ कोंडून झाकण उडतं. बोटांच्या चिमटीत चोळल्यावर कण लागू नयेत, इतकं वाटायचं.

७. चिकन ओव्हनमध्ये

ओव्हन २१० अंशांवर तापवा, पंखा असलेला असेल तर १९०. दिवा विझला की ओव्हन तापला, असं समजू नका. आतली हवा तापलेली असते, भिंती अजून नसतात. वीस मिनिटं द्या. घरगुती ओव्हनच्या बटणावरचा आकडा आणि आतलं खरं तापमान यांत १०-२० अंशांचा फरक सहज असतो. पहिल्या दोन वेळा आपला ओव्हन कुठल्या बाजूला झुकतो ते बघून ठेवा.

फ्रीजमधून काढलेल्या तुकड्यांना तेलाचा हात लावा. आता मीठ घालायचं नाही. स्किनची बाजू वर करून जाळीवर ठेवा, दोन तुकड्यांत बोटभर मोकळी जागा सोडा. दाटीवाटीने रचले की एकमेकांच्या वाफेत उकडतात. ट्रे मधल्या कप्प्यात. ओटीजी लहान असेल तर वरच्या कॉइलपासून हातभर नसलं तरी चार बोटं अंतर तरी राहील असं बघा आणि स्किन लवकर काळी पडू लागली तर शेवटची दहा मिनिटं वर फॉइल सैलसर ठेवा.

वेळ साधारण अशी : थाय ३५ ते ४० मिनिटं, अख्खा लेग पीस ४० ते ४५, हाडासकट ब्रेस्ट ३० ते ३५. मधे उलटायचं नाही, वर काही ओतायचं नाही.

पंधरा-वीस मिनिटांनी ट्रेमध्ये ठिबकलेला रस करपू लागल्यासारखा वाटला, तर ट्रेच्या तळाशी अर्धी वाटी गरम पाणी घाला. तो रस सॉसमध्ये जाणार आहे, जळाला तर नुकसान आपलंच. आणि आता ती तडकलेल्या भांड्याची हकिकत. काचेचं भांडं मी ओव्हनमधून काढलं आणि तळाशी चिकटलेला रस सुटावा म्हणून त्यात फ्रीजमधला गार संत्र्याचा रस ओतला. टक्कन आवाज आला आणि भांड्याचे दोन तुकडे. चिकन, रस, काचा, सगळं ओट्यावर. ओव्हनमध्ये चालणारी काचसुद्धा गरमावर गार सोसत नाही. म्हणून धातूचा ट्रे, आणि पाणी गरमच.

८. सॉस

चिकन आत जाऊन वीस मिनिटं झाली की इकडे वळा.

पातेल्यात निम्मं लोणी वितळवा आणि कांदा मंद आचेवर सहा-सात मिनिटं परता. तो मऊ आणि पारदर्शक व्हायला हवा, तपकिरी नको. ठेचलेला लसूण घालून एक मिनिट. लसूण लाल झाला तर पातेलं धुऊन पुन्हा सुरुवात करा. मी हे गंमतीने सांगत नाही. जळक्या लसणाचा कडूपणा पुढे कशानेही झाकत नाही.

संत्र्याचा रस घाला, आच वाढवा आणि आटवा. २५० मिलीचे साधारण १०० मिली राहायला हवेत, आठ-दहा मिनिटं लागतात. बुडबुडे मोठे आणि आळशी होऊ लागले की जवळ आलं समजा. याच्या पुढे गेलात तर मुरांब्याची चव येते.

आता स्टॉक घाला, एक उकळी येऊ द्या आणि आच अगदी कमी करा. मग बदामाचं वाटण, थोडं थोडं, दुसऱ्या हाताने फेटत. चार-पाच मिनिटांत सॉस दाटतो. चमचा बुडवून त्याच्या पाठीवर बोटाने रेघ ओढा. रेघ मिटली नाही की झालं.

इथे लक्ष हटू देऊ नका. बदामाचं वाटण घातल्यावर खळखळून उकळी आली, किंवा सॉस फार घट्ट होईपर्यंत राहिला, तर तेल वेगळं होतं. कितीतरी रश्श्यांमध्ये तेल सुटणं ही मसाला शिजल्याची खूण असते, आणि त्या सवयीने हात आपोआप वाट बघत राहतो. या सॉसमध्ये तेल सुटलं म्हणजे सॉस फाटला. घाबरायचं कारण नाही. पातेलं खाली उतरवा, दोन मोठे चमचे गरम पाणी घाला आणि जोरात फेटा. बहुतेक वेळा तो परत जुळून येतो.

क्रीम किंवा दूध घालायचा मोह होईल. दुधातली प्रथिनं आंबटात फाटतात, त्यातही कमी चरबीचं दूध लवकर फाटतं. बदाम आहेतच दाटपणासाठी, दुधाची गरज पडत नाही. साल आणि लिंबाचा रस अजून घातलेला नाही, हे लक्षात असू द्या. ते सगळ्यात शेवटी.

९. शिजलं की नाही

थर्मामीटरचं टोक सगळ्यात जाड भागात खुपसा, हाडाला लागू देऊ नका. हाडाजवळचा आकडा फसवा असतो. ७४ अंश सेल्सिअस ही सुरक्षिततेची किमान पातळी, प्रत्येक तुकड्यासाठी. ब्रेस्ट तिथेच थांबवा. थाय मात्र मी ८२-८५ पर्यंत जाऊ देते. ७४ ला तो खाण्याजोगा असतो, पण दाताखाली रबरासारखा ताणतो. धागे विरघळायला ते वरचे दहा अंश लागतात.

हाडाजवळ गुलाबी दिसलं म्हणून हबकू नका. कोवळ्या कोंबडीच्या हाडातला रंग शिजल्यावरही मांसात उतरतो. उलटही होतं. रस पांढरा स्वच्छ निघतो आणि आत तापमान पुरेसं नसतं. रंगावर भरवसा नको, आकड्यावर ठेवा. थर्मामीटर नसेलच तर सांधा हलवून बघा. तो सैल फिरत असेल आणि मांस हाडापासून मागे सरकलेलं दिसत असेल, तरीही आणखी पाच-सात मिनिटं ठेवा. थायचं त्याने काही बिघडत नाही.

१०. विसावा, आणि ट्रेमधला खजिना

तुकडे दहा मिनिटं जाळीवरच राहू द्या. वर झाकण नको, वाफेने स्किन मऊ पडेल.

तेवढ्यात ट्रेमधला रस वाटीत गाळा. वर तेल तरंगेल ते चमच्याने काढा आणि खालचा तपकिरी रस सॉसमध्ये घाला. ट्रेला काही चिकटलं असेल तर दोन चमचे गरम पाण्याने खरवडून तेही घ्या. हा रस खारट असतो, म्हणून सॉसमध्ये आत्तापर्यंत मीठ घातलं नव्हतं. आता चाखा आणि लागेल तेवढंच घाला.

आच बंद करा. उरलेलं गार लोणी फेटत मिसळा, मग किसलेली साल आणि अर्ध्या लिंबाचा रस. सालीतलं सुगंधी तेल उडून जाणारं असतं. पहिल्या प्रयत्नात मी ते तासभर ओव्हनमध्ये ठेवलं होतं, म्हणजे सुगंध सगळ्या घराला आला आणि ताटात काही उरला नाही. पुन्हा चाखा. संत्री आंबट निघाली असतील तरच मध घाला.

११. सॉस खाली, चिकन वर

गरम ताटात आधी चार-पाच मोठे चमचे सॉस पसरा. त्यावर चिकन, स्किन वर. त्यावर जाडसर चिरलेले बदाम. वरून सॉस ओतलेला फोटोत छान दिसतो हे खरं, पण आदल्या रात्रीपासून कोरडी राखलेली स्किन दोन मिनिटांत मऊ होते. ज्यांना जास्त सॉस हवा त्यांच्यासाठी तो वाटीत बाजूला ठेवा. सोबतीला सॉस टिपून घेईल असं काहीही, भात किंवा पाव.

बिघडलं तर

सॉस कडू झाला : कारण पांढरी साल, फुटलेल्या बिया किंवा जास्त भाजलेले बदाम यांपैकी एक. चिमूटभर मीठ घालून बघा. मीठ कडूपणा दाबतं आणि साखरेपेक्षा आधी तेच आजमावावं. मग थोडं लोणी, मग मध. करपल्याचा कडूपणा असेल तर प्रयत्न सोडा आणि चिकन नुसतं लिंबू पिळून खा, तेही उत्तम लागतं.

सॉस रवाळ लागतोय : गाळणीतून चमच्याने दाबून काढा.

फार घट्ट झाला : गरम पाणी, एकेक चमचा. बदाम पाणी शोषत राहतात, त्यामुळे ताटात जाईपर्यंत तो आणखी घट्ट होणार हे धरूनच थोडा पातळ ठेवा.

स्किन मऊ राहिली : वरच्या कॉइलवर किंवा ग्रिलवर तीन मिनिटं, समोर उभं राहून. फोन हातात न घेता.

बदल करायचे असतील तर

एकदा मूळ प्रकार जमू द्या. मग बदामाऐवजी काजू घेतले तर सॉस गोडसर आणि एकदम मऊ होतो, हेझलनट घेतले तर भाजका वास पुढे येतो. अक्रोडाच्या सालीत तुरटपणा असतो, म्हणून भाजल्यावर गरम असतानाच फडक्यात चोळून निघेल तेवढी साल काढा. नुसत्या लिंबाचा सॉस करायचा तर रस आटवू नका. स्टॉक आणि बदामाचा सॉस करून लिंबू शेवटी घाला. ग्रेपफ्रूट वापरणार असाल तर पाहुण्यांच्या औषधांची चौकशी करा. कोलेस्टेरॉलवरच्या काही गोळ्यांसह बऱ्याच औषधांशी त्याचं जमत नाही.

उरलं तर

चिकन आणि सॉस वेगवेगळ्या डब्यांत, शिजल्यापासून दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. तीन दिवसांत संपवा. चिकन १८० अंशांवर, आतलं तापमान ७४ होईपर्यंत गरम करा. मायक्रोवेव्हमध्ये स्किनचं चामडं होतं. सॉस फ्रीजमध्ये थिजून गोळा होतो. तो मंद आचेवर गरम पाणी घालत फेटला की पूर्ववत होतो, फक्त सालीचा सुगंध गेलेला असतो. म्हणून पहिल्या दिवशी लिंबाची उरलेली अर्धी बाजू टाकू नका. दुसऱ्या दिवशी तिचीच साल ताटावर किसायची.